मुहूर्तानंतरची दुपार

लग्नाची तारीख ठरली तेव्हा विद्युलताबाईंना सगळ्यात जास्त काळजी वाटली ती दुपारची.

मुहूर्त सकाळचा होता. मद्रासकडच्या रीतीप्रमाणे उजाडता उजाडता विधी सुरू व्हायचे, नऊच्या आत अक्षता पडायच्या आणि रिसेप्शन थेट संध्याकाळी. मधले एवढे तास कराडहून आलेली सत्तर माणसं काय करणार? दोन गाड्या बदलून, रात्रभर डब्यात पाय आखडून ती येणार. त्यातल्या निम्म्यांनी चेन्नई पाहिलेलं नव्हतं आणि तमिळचा एक शब्दही कुणाला येत नव्हता.

"रिकामा बसलेला पाहुणा भाजीत मीठ कमी आहे का ते शोधतो," त्या कृष्णकांतरावांना म्हणाल्या. "आणि कराडचा पाहुणा तर ते हमखास शोधून काढतो."

कृष्णकांतराव पाटणकर रेल्वेच्या नोकरीत चेन्नईला आले आणि निवृत्त होऊन पेरुंगुडीच्या फ्लॅटमध्ये राहिले. विद्युलताबाईंनी शाळेत हिंदी शिकवलं आणि शिकवण्यापेक्षा जास्त स्नेहसंमेलनं उभी केली. स्टेजवर एक नाच संपून दुसरा सुरू होईपर्यंत प्रेक्षकांना धरून कसं ठेवायचं, हे त्यांना पक्कं माहीत होतं. त्यामुळे एकुलत्या एका लेकीच्या, ऊर्मीच्या लग्नाचा कार्यक्रम त्यांनी तसाच आखला. मुहूर्तानंतर नाश्ता, मग हाउजी, मग जादूचे प्रयोग, जेवण, उखाण्यांची स्पर्धा, आणि उन्हं कलली की बस करून कोवलमच्या किनाऱ्यावर होड्या बघायला. कार्यालय ईस्ट कोस्ट रोडलाच होतं, तिथून कोवलम जवळ. दिवसभर माइकवर राहणार होते कृष्णकांतरावांचे धाकटे भाऊ अशोक. कराडात बारशापासून साठीशांतीपर्यंत कुठलाही समारंभ असो, निवेदनाला अशोकरावच लागत. या लग्नासाठी त्यांनी नवं जाकीटही शिवून घेतलं होतं.

"आई, हे लग्न आहे, गॅदरिंग नाही," ऊर्मी म्हणाली.

"गॅदरिंगला निदान मुलांचे पालक तरी गप्प बसतात," विद्युलताबाई म्हणाल्या.

मुलगा गिरिधर ऊर्मीच्याच ऑफिसातला. त्याचं घर तंजावर मराठी. पूर्वज कधीकाळी महाराष्ट्रातून तंजावरला गेले, तिथून आजोबा-पणजोबा मद्रासला आले. पण घरात अजून मराठीच बोलत. जुनी, वेगळ्या वळणाची, मधूनच तमिळ शब्द घेणारी मराठी. हे कळलं तेव्हा विद्युलताबाईंना केवढा आनंद झाला होता. जावई मद्रासचा, पण भाषा आपली. गिरिधरचे वडील पद्मनाभराव पहिल्यांदा फोनवर बोलले तेव्हा तर त्या अर्धा तास नुसतं ऐकत राहिल्या होत्या.

कार्यक्रमाचा कागद घेऊन विद्युलताबाई एका रविवारी नुंगंबाक्कमला त्यांच्या घरी गेल्या. कृष्णकांतरावांचा गुडघा दुखत होता म्हणून एकट्याच. पद्मनाभराव बँकेतून निवृत्त झालेले, सडपातळ, कपाळावर बारीक गंध. त्यांनी कागद चष्म्याजवळ धरून शेवटपर्यंत वाचला.

"व्हेरी नाइसली प्लॅन्ड, मॅडम," ते म्हणाले. "ॲज यू विश."

विद्युलताबाईंनी मराठीत विचारलं, की तुमच्या बाजूच्या मंडळींना हाउजी आवडेल ना? त्यांनी इंग्रजीतच उत्तर दिलं, की सर्वांना आवडेल. विद्युलताबाईंनी पुन्हा मराठीत काही विचारलं. उत्तर पुन्हा इंग्रजीत आलं. नम्र, नीटनेटकं, आणि जवळ न येणारं.

पद्मनाभरावांच्या पत्नी अलमेलूबाई कॉफी करायला आत गेल्या होत्या. विद्युलताबाई त्यांच्या मागोमाग स्वयंपाकघरात गेल्या.

"कागद छान आहे," अलमेलूबाई दुधाकडे बघत म्हणाल्या. "परंतु आमचा नलंगू यांत कोठें बैसेल?"

"नलंगू म्हणजे?"

"दुपारचा खेळ. नवरा-नवरी समोरासमोर बैसतात, नारळ लोटतात, एकमेकांचे डोईवर पापड फोडतात. बायका गाणीं म्हणतात, दोन्ही घरांची थट्टा करतात. सगळे हांसतात." त्यांनी दूध ढवळलं. "नसला तरी चालेल. तुम्हीं जादूवाला बोलाविला आहे."

विद्युलताबाईंना स्वतःचीच लाज वाटली. दुपार रिकामी आहे असं धरून त्यांनी ती भरून टाकली होती, आणि तिथे काही आधीपासून आहे का, हे कुणाला विचारलंच नव्हतं. "नसला तर कसं चालेल?" त्या म्हणाल्या. "जादूवाल्याला नको सांगते." मग त्यांनी जरा धीर करून विचारलं, "अलमेलूबाई, एक विचारू? आधी फोनवर किती बोलायचे पद्मनाभराव माझ्याशी. मराठीत. आता सगळं इंग्रजीत. आमचं काही चुकलं का?"

अलमेलूबाईंनी गॅस बारीक केला.

"साखरपुड्याचे दिवशीं," त्या म्हणाल्या. "तुम्हीं आंत होतां, ताटें मांडीत. हे दारांत उभे होते. तुमची मंडळी आली तसे म्हणाले, 'यावें, यावें, समस्त मंडळी बैसा, उदक आणवितों.' तुमचे दीर मोठ्यानें म्हणाले, 'दादा, पडदा वर गेला. महाराज दरबारात आले.' सगळे हांसले. मग जेवतांना ते यांच्यासारखें बोलून दाखवूं लागले, आमचा तो तमिळ सूर काढून. पुन्हा सगळे हांसले."

विद्युलताबाईंना ते हसणं आठवलं. आत ताटं मांडताना त्यांनी ते ऐकलं होतं, आणि मंडळी मिसळली बाई एकदाची, असं वाटून त्यांना बरंसुद्धा वाटलं होतं.

"पद्मनाभरावांनी काही म्हटलं नाही?"

"काय म्हणणार? घरीं येऊन एवढेंच म्हणाले, की आपली मराठी त्यांच्यासमोर नको. आपण आपली घरांत बोलूं."

कॉफीचे पेले घेऊन दोघी बाहेर आल्या. विद्युलताबाईंनी पेला हातात तसाच धरला आणि सरळच म्हणाल्या, "पद्मनाभराव, साखरपुड्यात जे झालं ते मला आत्ता कळलं. माझ्या घरच्या माणसाकडून झालं, म्हणून मी माफी मागते."

पद्मनाभराव अवघडले. "परवाइल्लै, मॅडम," ते म्हणाले. राहू द्या, अशा अर्थाने.

"एक विनंती करते. तुमच्याकडचे विधी आमच्या लोकांनी कधी पाहिलेले नाहीत. तुम्ही ते मराठीत समजावून सांगाल का? माइकवरून?"

त्यांनी कागदाची घडी घालून तो परत दिला. मग हळूच, इंग्रजीतच म्हणाले, "मॅडम, इतक्या पिढ्या आम्ही आपसांत ही भाषा बोललो. शिकवायला कुणी नव्हतं, चूक काढायला कुणी नव्हतं, हसायलाही कुणी नव्हतं. मुलाच्या लग्नात मला कुणाच्या हसण्याचा विषय व्हायचं नाही. मला एवढं माफ करा."

त्यापुढे आग्रह करण्यासारखं काही नव्हतं.

घरी आल्यावर विद्युलताबाईंनी जुना कागद फाडला. नव्या कागदावर दुपारभर फक्त नलंगू लिहिला आणि त्याला जोडून उखाणे. निवेदकाच्या जागी काहीच लिहिलं नाही.

"अशोकला कोण सांगणार?" कृष्णकांतरावांनी विचारलं.

"मी सांगते. पण फोनवर नाही. फोनवर ते भांडतील आणि मी रडेन. समोर आले की बोलू."

लग्नाच्या आदल्या दिवशी संध्याकाळी कराडची मंडळी कार्यालयात उतरली. बसमधून सगळ्यात आधी कृष्णकांतरावांच्या थोरल्या आत्या उतरल्या. वय ऐंशीच्या पुढे, हातात काठी, कानाला कमी ऐकू येत असलं तरी नजर अगदी तिखट. त्यांच्या मागून अशोकराव, हँगरवरचं जाकीट उंच धरून.

चहा झाल्यावर विद्युलताबाईंनी त्यांना बाजूच्या व्हरांड्यात नेलं आणि सगळं सांगितलं. अशोकराव आधी हसले, मग त्यांचं हसू मावळलं.

"वहिनी, मी महाराज म्हणालो. शिवी नाही दिली."

"नाही दिलीत. पण भावजी, ते नाटकातलं बोलणं नाही. ते त्यांच्या आईचं बोलणं आहे. तुम्ही हसलात, आणि त्या दिवसापासून तो माणूस आपल्यापैकी कुणाशी मराठीत एक शब्द बोललेला नाही. ऊर्मी उद्या त्या घरात जाणार आहे."

अशोकराव कठड्यापाशी उभे राहिले. "मला लोकांना हसवायला आवडतं," ते म्हणाले. "एवढंच येतं मला. कुणाला लागलं असेल हे डोक्यात आलंच नाही." मग त्यांनी विचारलं, "म्हणजे उद्या माइक कुणाकडे?"

"कुणाकडेच नाही."

"बरं," ते म्हणाले आणि जाकीट खुर्चीच्या पाठीवर टाकून बाहेर निघून गेले. जेवायलाही आले नाहीत. पंगतीत त्यांची जागा रिकामी राहिली, आणि आत्याबाईंनी ती पाहिली.

"अशोक कुठंय?" त्यांनी विचारलं. कुणीतरी म्हणालं, डोकं दुखतंय. आत्याबाईंचा विश्वास बसला नाही. लग्नघरात नवरीचा काका जेवला नाही, नवरीच्या आईचा चेहरा उतरलेला, व्याही इंग्रजीत बोलतायत. काहीतरी बिनसलंय, एवढं त्यांनी मनाशी पक्कं केलं.

पहाटे नादस्वरम वाजू लागलं. केळीचे खांब लावलेल्या दारात रांगोळी झाली. कराडची मंडळी डोळे चोळत, कॉफीचे पेले घेऊन मांडवात येऊन बसली. समोर चाललेलं त्यांच्यातल्या कुणालाच नीट कळत नव्हतं. गुरुजी मंत्र म्हणत होते, मधूनच गिरिधरची बहीण वाणी धावत येऊन काही घेऊन जात होती, आणि विद्युलताबाई एका खांबापाशी उभ्या राहून आपल्या माणसांचे चेहरे वाचत होत्या. दोघांनी जांभया दिल्या. एकाने मोबाइल काढला.

तेवढ्यात गिरिधर आतून बाहेर आला. अंगावर पंचा, हातात काठी, बगलेत एक पोथी, डोक्यावर नवी कोरी छत्री, पायात नव्या चपला. तो मांडवातून ताडताड चालत निघाला, कार्यालयाच्या फाटकातून बाहेर पडला आणि थेट ईस्ट कोस्ट रोडच्या दिशेने वळला. त्याच्या मित्रांनी त्याला बजावून ठेवलं होतं, की रुबाबात चाल, व्हिडिओ चांगला यायला पाहिजे. म्हणून तो खरोखरच रुबाबात चालला होता.

आत्याबाई फाटकाजवळच्या खुर्चीत बसल्या होत्या.

"अगं बाई, नवरदेव निघाला," त्या म्हणाल्या, आणि कुणी काही म्हणायच्या आत काठी टेकत उठल्या. त्यांची चाल पाहून नादस्वरमवाल्यांनी वाट दिली. फाटकाबाहेर त्यांनी गिरिधरला गाठलं आणि त्याचं मनगट दोन्ही हातांनी घट्ट धरलं.

"बाबा, असा जाऊ नकोस," त्या म्हणाल्या. "आमच्याकडून कुणाचं काही चुकलं असेल, ते मी पदरात घेते. पोरीचा काय दोष त्यात?"

गिरिधर घरी मराठीच बोलायचा, पण गडबडला की त्याच्या तोंडून तमिळ आणि इंग्रजीच यायचं. "पाट्टी, नो, नो," तो म्हणाला. तमिळमध्ये आजीला पाट्टी म्हणतात. आत्याबाईंना ऐकू आलं फक्त 'नो'. त्यांचे डोळे भरून आले. नादस्वरम थांबलं. कृष्णकांतराव हातात तबक घेऊन लंगडत येत होते, कारण विधीप्रमाणे नवऱ्याला माघारी आणायला मुलीच्या बापानेच जायचं असतं. पण ते अजून मांडवातच होते. व्हिडिओवाला शूटिंग करत राहिला. मागे दोघं-तिघं हसली.

पद्मनाभराव फाटकाजवळ उभे होते. त्यांनी हसणाऱ्यांकडे पाहिलं, मग म्हातारीकडे पाहिलं. तिने गिरिधरचं मनगट अजून सोडलं नव्हतं. ते पुढे झाले आणि तिच्यासमोर जरा वाकले.

"आत्याबाई, भिऊं नये," ते म्हणाले. "लेंकरू कोठेंही जात नाहीं."

"काय म्हणता?"

ऐकू जावं म्हणून त्यांना आवाज चढवावा लागला. "ही रीत आहे. नवरा म्हणतो, मला संसार नको, मी काशीस जातों, विद्या शिकतों, संन्यास घेतों. म्हणून ही छत्री, ही काठी, ही पोथी. मग नवरीचा बाप वाटेंत आडवा येतो. म्हणतो, बाबा, काशी दूर आहे, उन्ह फार आहे, माझी कन्या बरी आहे, माघारी फिरा. मग हा फिरतो. दरवेळीं फिरतो. आजवर कोणी काशीस पोंचला नाहीं."

आत्याबाईंनी डोळे पुसले. "म्हणजे रुसला नाही?"

"नाहीं, नाहीं."

"मग एवढ्या जोरात कशाला चालायचं रे?" त्या गिरिधरला म्हणाल्या, आणि त्याचं मनगट सोडून त्याच्या गालावर एक हलकी चापट मारली. आता सगळेच हसले, गिरिधरही. कृष्णकांतराव धापा टाकत पोचले, त्यांनी तबक पुढे केलं, आणि पद्मनाभरावांनी आत्याबाईंना एकेक गोष्ट दाखवत सांगितलं की बघा, आतां ते विनवणी करताहेत, आतां हा मान हालवितो, आतां पहा, वळला.

"तुम्ही कुठले?" आत्याबाईंनी विचारलं.

"तंजावरचे. आतां मद्रासेस."

"किती नीट समजावून सांगता हो. माझ्या आजेसासूबाई असंच म्हणायच्या, भिऊं नये. तो शब्द किती वर्षांनी कानावर आला." त्यांनी पद्मनाभरावांच्याच हाताचा आधार घेतला आणि मांडवाकडे वळल्या. "कालपासून काय चाललंय ते मला कुणी धड सांगत नाही. तुम्ही माझ्याजवळ बसा. मुलाचे वडील ना तुम्ही? गुरुजींनी बोलावलं की जा, झालं की परत या."

पद्मनाभरावांना नाही म्हणता आलं नाही. ते बसले. समोर झोपाळा बांधला होता; नवरा-नवरीला त्यावर बसवून बायका गाऊ लागल्या, रंगीत भाताचे मुटके ओवाळून चारी दिशांना टाकू लागल्या.

"हे काय करतायत?" आत्याबाई.

"दृष्ट काढितात."

"काय?"

"दृष्ट. झोंका हालतो तसा संसारही हालेल, कधीं पुढें, कधीं मागें. परंतु सांखळी तुटूं नये. म्हणून दोघांस एकत्र बैसवून हालवितात."

आत्याबाईंसाठी ते एवढ्या मोठ्याने बोलत होते की मागच्या चार रांगांना सगळं ऐकू येत होतं. जांभया देणारे पुढे सरकले. मोबाइलवाल्याने मोबाइल खिशात टाकला. कुणीतरी मागून विचारलं, "आणि ते हळकुंड कशाला बांधलंय, काका?" पद्मनाभराव मागे वळले. खुर्ची जरा वळवून घेतली. मग त्यालाही सांगितलं.

खांबापाशी उभ्या विद्युलताबाई जागच्या हलल्या नाहीत. आपण हललो तर हे थांबेल, असं त्यांना वाटत होतं.

मंगलाष्टकं कराडच्या रीतीने झाली. मंगळसूत्र बांधताना नादस्वरम आणि सनईची रेकॉर्ड एकाच वेळी वाजली, आणि अक्षता दोन्ही बाजूंनी पडल्या. मग केळीच्या पानांवर जेवणं. अशोकराव जेवायला आले, पण जाकीट न घालता, आणि शेवटच्या पंगतीत, कोपऱ्यात.

दुपारी हॉलच्या मधोमध मोठी चटई अंथरली. अलमेलूबाईंनी नारळ, फुलांचा चेंडू, तळलेले पापड मांडले. दोन्हीकडच्या बायका गोल करून बसल्या, पुरुष खुर्च्या ओढून मागे. आत्याबाईंनी पद्मनाभरावांची खुर्ची आधीच स्वतःच्या शेजारी लावून ठेवली होती. पण हॉल मोठा, पंखे आवाज करणारे, आणि सकाळपासून बोलून त्यांचा घसा बसत चाललेला.

अशोकराव स्टेजमागे गेले. माइक घेऊन आले. पद्मनाभरावांसमोर उभे राहिले, तेव्हा जवळपासच्या लोकांना वाटलं आता काहीतरी विनोद येणार. अशोकरावांनी माइक बंद आहे ना ते बघितलं.

"साहेब," ते हळू आवाजात म्हणाले, "साखरपुड्यात मी जे केलं ते वाईट केलं. मला कळलं नव्हतं. आता कळलंय."

पद्मनाभरावांनी मान वर केली. "मला राग आला होता," ते म्हणाले.

"येणारच."

"अजून पुरता गेलेला नाहीं." त्यांनी हात पुढे केला. "परंतु माइक द्या. घसा बैसला आहे."

अशोकरावांनी माइक दिला आणि तिथेच चटईच्या कडेला जमिनीवर बसले.

नारळ सुरू झाला. ऊर्मीने तो गिरिधरकडे लोटला, त्याने तिच्याकडे, आणि अलमेलूबाईंनी सूर धरला.

"नारळ लोटीला, कोणाकडे गेला,
नवरीच्या पदरीं लपोनी बैसला."

"आता काय म्हणाल्या?" मागून कुणीतरी विचारलं.

"म्हणाल्या, नवऱ्यास नारळ धरतां येत नाहीं, नवरी हुशार आहे," पद्मनाभराव माइकवरून म्हणाले. "ही आमचीच थट्टा आहे. आतां तुमच्याकडून उत्तर यावें."

कराडच्या बायकांना एवढंच हवं होतं. त्यांच्यातली एक उठली आणि तिने जावयाच्या छत्रीवर चार ओळी जुळवल्या. तिकडून आणखी एक गाणं आलं. इकडून उखाणा गेला. ऊर्मीने गिरिधरच्या डोक्यावर पापड फोडला तेव्हा त्याचे तुकडे आत्याबाईंच्या मांडीवर पडले आणि त्यांनी ते खाल्ले. कुणीतरी विद्युलताबाईंना मधे ओढलं. स्टेजमागे उभं राहून दुसऱ्यांचे कार्यक्रम बसवण्यात त्यांचं आयुष्य गेलेलं. मधोमध उभं राहायची सवय नव्हती. त्या घुटमळल्या, मग म्हणाल्या,

"कोवलमच्या वाळूमध्ये पाऊल माझं रुतलं,
कृष्णकांतरावांचं नाव घ्यायला आज कुठे सुचलं."

"आता विहीणबाई," आत्याबाईंनी अलमेलूबाईंकडे काठी केली.

"आमच्यांत नवऱ्याचें नांव घेत नाहींत," अलमेलूबाई म्हणाल्या.

"आमच्यात तरी कुठं घेतात? म्हणून तर उखाण्यात लपवून घ्यायचं."

अलमेलूबाईंनी पदर सारखा केला. ओठांत काही पुटपुटल्या, बोटांवर काही मोजलं. मग त्या चटईकडे बघत म्हणाल्या,

"जन्मभरी ज्यांस नुसतें 'ऐकलें कां' म्हटलें,
पद्मनाभरावांस त्या आज नांवानें हांकिलें."

माइक पद्मनाभरावांच्या हातातच होता. त्यांनी श्वास ओढला तो सगळ्यांना ऐकू आला. हॉलभर हशा उठला, वाणीने शिट्टी मारली, आणि पद्मनाभराव माइक खाली ठेवून, चष्मा काढून, खांदे हलेपर्यंत हसले.

कोवलमच्या बसचा ड्रायव्हर दारात येऊन उभा राहिला. वेळ झाली, त्याने घड्याळाकडे बोट दाखवलं. विद्युलताबाईंनी चटईभोवतीच्या गर्दीकडे पाहिलं. उठायची कुणाची तयारी दिसेना. शेवटी चार मुलं आणि दोन काका तेवढे होड्या बघायला गेले, आणि बाकीची बस रिकामीच गेली.

तिसऱ्या दिवशी कराडची मंडळी निघाली. सेंट्रल स्टेशनवर गाडी लागली होती. ऊर्मी आणि गिरिधर सामान चढवत होते. पद्मनाभराव आणि अलमेलूबाई प्रवासासाठी इडल्या आणि चटणीपूड बांधून घेऊन आले होते. आत्याबाई खिडकीशी बसल्या होत्या आणि पद्मनाभराव बाहेरून गज धरून त्यांच्याशी बोलत होते.

"आमच्याकडं या," आत्याबाई म्हणाल्या. "कृष्णा-कोयनेचा संगम दाखवते. तुमच्या बाजूला आहे का असा संगम?"

"यावें असें वाटते," पद्मनाभराव म्हणाले. "घरांत सगळे महाराष्ट्राचें नांव घेतात, गेला कोणी नाहीं." मग ते डब्याच्या दारात उभ्या अशोकरावांकडे वळले. "तेथें बाजारांत मी असें बोललों तर लोक हांसतील कां?"

"हसतील काही जण," अशोकराव म्हणाले. "खोटं कशाला सांगू? पण मी बरोबर असेन. आणि दोन दिवसांत त्यांना सवय होईल."

पद्मनाभरावांनी मान हलवली. हे उत्तर त्यांना पटल्यासारखं दिसलं.

"वैशाखात या," अशोकराव म्हणाले. "आंबे असतात."

"वैशाखात सुट्ट्यांची गर्दी असते, तिकिटं मिळायची नाहीत," कृष्णकांतराव मागून म्हणाले आणि त्यांनी खिशातून मोबाइल काढला. "आत्ताच बघतो. चौघंच का, की गिरिधर-ऊर्मीपण?"

"सहा धरा," अलमेलूबाई म्हणाल्या.

गाडीने शिट्टी दिली. विद्युलताबाईंनी आत्याबाईंच्या हातात पाण्याची बाटली दिली, आणि कृष्णकांतरावांच्या मोबाइलच्या पडद्यावर त्या सगळ्यांबरोबर वाकून तारखा बघू लागल्या.